ओळख ना पाळख : कोल्ड ईमेल या लेखनप्रकाराची समीक्षा



आजचा विषय जाहीर झाल्यावर दोघातिघांनी फोन करून विचारलं, "सर, काही गल्लत झाली आहे का? तुम्ही आणि कोल्ड ईमेल?" गल्लत नाही. विषय मीच मागून घेतला. मी आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं. माझ्या पीएच.डी.चा विषय होता न्यायदर्शनातलं शब्दप्रमाण, म्हणजे दुसऱ्याने सांगितलेल्या गोष्टीवर विश्वास केव्हा ठेवावा, हा प्रश्न. आणि या प्रश्नावर प्रबंध लिहिलेला माणूस दोन वर्षांपूर्वी एका ईमेलला पुरता फसला. (हशा) हसा, हसा. मलाही आता हसू येतं. तेव्हा आलं नव्हतं.

झालं असं. सकाळी चहा घेता घेता मेल उघडली. परदेशातल्या एका प्रकाशनसंस्थेच्या संपादिकेचं पत्र. वर विषयाच्या जागी माझ्या प्रबंधाचं नाव. आत लिहिलेलं, की आपला ग्रंथ वाचला, त्यातल्या विवेचनाने मी भारावून गेले, हे काम जगापुढे यायला हवं. आता तुम्हाला सांगतो, त्या प्रबंधाच्या पुस्तकाच्या पाचशे प्रती छापल्या होत्या. त्यातल्या बऱ्याचशा अजून माझ्याच कपाटात आहेत. तीस वर्षांत त्या पुस्तकाबद्दल माझ्याशी कुणी चकार शब्द काढला नव्हता. मी दोन दिवस खपून उत्तर लिहिलं. चांगलं चार पानी. दुसऱ्या प्रकरणात माझी एक चूक झाली होती, तीही कबूल केली, आणि नव्या आवृत्तीत ती कशी दुरुस्त करीन ते लिहिलं. पाठवलं. सात मिनिटांत उलट उत्तर! त्यात तीन पॅकेजं होती. सिल्व्हर, गोल्ड आणि प्लॅटिनम. किंमत डॉलरमध्ये, लेखकाने भरायची.

मग मी ते पहिलं पत्र पुन्हा उघडलं. तेव्हा दिसलं की माझ्या ग्रंथाचं नाव बाकीच्या मजकुरापेक्षा किंचित मोठ्या अक्षरात आहे. पत्र आधीच तयार होतं, त्यात एक खाच सोडलेली होती, आणि त्या खाचेत माझी तीस वर्षं कुणीतरी चिकटवली होती.

त्या दिवसापासून मी या पत्रांचा अभ्यास करतो आहे. मला येणारी पत्रं जपून ठेवतो, ती कशी लिहावीत हे शिकवणारी पुस्तकं वाचतो. आज जे बोलणार आहे ते तक्रार म्हणून बोलत नाही. कविता किंवा नाटक वाचावं तसा हा एक लेखनप्रकार म्हणून वाचायचा, आणि त्यात बरं काय, वाईट काय, ते सांगायचं. त्यातून चांगलं पत्र कसं लिहावं हेही निघेल. ज्यांचं पोट या पत्रांवर आहे असे काही तरुण समोर बसलेत, ते मला दिसतंय.

तर आधी व्याख्या. ज्याची आपली ओळख ना पाळख, ज्याने काही मागितलेलं नाही, अशा एका माणसाला आपला माल किंवा सेवा विकण्याच्या हेतूने लिहिलेली ईमेल, म्हणजे कोल्ड ईमेल. या धंद्यातले लोक सांगतात की हे स्पॅम नव्हे. स्पॅम सगळ्यांना सारखंच जातं, कोल्ड ईमेल एकेकाला, विचार करून लिहिलेली असते. हा भेद लक्षात ठेवा. आजचं सगळं व्याख्यान त्याच भेदावर उभं आहे. तो खरा आहे की नुसता तोंडी, हेच तपासायचं आहे.

या प्रकाराचा मूळपुरुषही सापडतो. मे १९७८. इंटरनेट अजून जन्मायचं होतं. त्याच्या आधीचं आर्पानेट नावाचं जाळं अमेरिकेत होतं, ते सरकारी पैशावर चालणारं, संशोधनासाठीचं. डिजिटल इक्विपमेंट कॉर्पोरेशन या संगणक कंपनीत गॅरी थुर्क नावाचे एक विपणन-व्यवस्थापक होते. कंपनीच्या नव्या संगणकांची प्रात्यक्षिकं कॅलिफोर्नियात व्हायची होती. त्यांनी आर्पानेटच्या छापील यादीतून पश्चिम किनाऱ्यावरच्या सुमारे चारशे जणांचे पत्ते काढून सगळ्यांना एकच निमंत्रण पाठवलं. पत्ते इतके झाले की ठरलेल्या जागेत मावेनात, ते मजकुरात सांडले. लोक संतापले. जाळं चालवणाऱ्या लष्करी खात्याने समज दिली. पण थुर्क पुढे सांगत राहिले की त्या एका पत्रातून एक कोटी डॉलरहून जास्त विक्री झाली. म्हणजे बघा, पहिल्याच पत्रात या प्रकाराचं सगळं भवितव्य आलं. लोक चिडतात, आणि माल खपतो. दोन्ही एकाच वेळी खरं.

आता पत्राच्या पाठाकडे येऊ. मी एक नमुना स्वतः रचला आहे. कुणाचं खरं पत्र वाचून दाखवणं बरं नव्हे, पण माझ्याकडे जमलेल्या गठ्ठ्याचा हा अर्क समजा. मराठीत केला आहे.

विषय : एक छोटासा प्रश्न.

"नमस्कार सुनीलजी, आशा आहे की आपण मजेत असाल. आपल्या कंपनीची अलीकडची वाटचाल पाहून फारच प्रभावित झालो. आपल्यासारख्या दूरदृष्टीच्या नेत्यांना नवे ग्राहक मिळवताना अडचण येते, हे आम्ही जाणतो. आमच्या सर्वसमावेशक उपायामुळे आपल्या क्षेत्रातल्या अनेक कंपन्यांची विक्री अनेक पटींनी वाढली आहे. मंगळवारी की बुधवारी पंधरा मिनिटं बोलू या?"

उत्तर आलं नाही, तर तीन दिवसांनी दुसरं येतं, "मागचं पत्र आपल्या नजरेतून सुटलं असेल." मग तिसरं. शेवटी चौथं, जरा रुसलेलं, "आपल्याला यात रस नाही असं समजून आपली फाइल बंद करू का?"

आता एकेक वाक्य घ्या. "एक छोटासा प्रश्न." पत्रात प्रश्न कुठे आहे? मंगळवार की बुधवार, एवढाच. बोलायचं की नाही, हा खरा प्रश्न विचारलेलाच नाही. तो सुटला असं धरून पुढचा विचारला. न्यायशास्त्राने याला छल म्हटलं असतं की नाही यावर पंडित वाद घालतील, पण आपल्या आजीने याला चलाखी नक्की म्हटलं असतं. "अलीकडची वाटचाल पाहून प्रभावित." कुठली वाटचाल? हे वाक्य किराणा दुकानदारालाही चालतं आणि इस्रोलाही. जे वाक्य कुणालाही लागू पडतं ते कुणाबद्दलच नसतं. "अडचण येते हे आम्ही जाणतो." कसं जाणता? मला न भेटता माझं दुखणं सांगणाऱ्या माणसाला गावात भोंदू म्हणतात. "अनेक कंपन्यांची, अनेक पटींनी." यातलं एकही विधान तपासता येत नाही. आणि "आपली फाइल बंद करू का?" अहो, माझी फाइल उघडायला तुम्हाला सांगितलं कुणी?

सगळ्या पत्राचा सांगाडाही जुना आहे. लक्ष वेधा, रस निर्माण करा, इच्छा जागवा, कृती करायला लावा, ही चार पायऱ्यांची शिडी अमेरिकेतल्या जाहिरातविद्येत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून चालत आली आहे. एल्मो लुइस यांच्या नावावर ती सांगतात. शिडी चुकीची नाही. पण ती जाहिरातीसाठी होती. जाहिरात भिंतीवर असते, ती सगळ्यांसाठी आहे हे सगळ्यांना ठाऊक असतं. पत्र माझ्या नावाने येतं. भिंतीची भाषा पत्रात आली की खोटेपणा सुरू होतो, कारण पत्र या प्रकारातच एक वचन दडलेलं असतं, की हे तुला लिहिलं आहे.

आपल्याकडे हे वचन मायन्यातच असायचं. वडिलांना ‘तीर्थरूप’, धाकट्याला ‘चिरंजीव’, बरोबरीच्याला ‘सप्रेम नमस्कार’. आधी नातं सांगायचं, मग मजकूर. शेवटी ‘लोभ असावा’. अनोळखी माणसाला लिहायचं तर मध्ये एखादा ओळखीचा माणूस लागायचा. त्याची चिठ्ठी घेऊन जायचं. या व्यवस्थेत वशिला होता, जातपात होती, ती मला परत नको आहे. ज्याला ओळख नाही त्याने दार ठोठवायचंच नाही, हे अन्यायाचंच होतं. त्या अर्थाने कोल्ड ईमेल हा लोकशाहीचा प्रकार आहे. खेड्यातला कारखानदार आज शिकागोतल्या खरेदी-अधिकाऱ्याला थेट लिहू शकतो. ही सोय मला मोलाची वाटते, आणि म्हणूनच तिची नासाडी मला सलते.

आता कसोटी कुठली लावायची? आपल्या शास्त्रग्रंथांत एक सुंदर पद्धत आहे. ग्रंथाच्या आरंभी चार गोष्टी स्पष्ट व्हायला हव्यात : अधिकारी, विषय, संबंध आणि प्रयोजन. यांना अनुबंधचतुष्टय म्हणतात. हा ग्रंथ कुणासाठी, कशाबद्दल, यांचा एकमेकांशी संबंध काय, आणि वाचून मिळणार काय. शास्त्रकाराची कल्पना अशी, की हे चार कळल्याशिवाय शहाणा माणूस वाचायला बसणारच नाही. वाचकाच्या वेळेचा केवढा मान राखला आहे बघा! शास्त्रात ‘संबंध’ म्हणजे ग्रंथ आणि त्याचा विषय यांचा संबंध. मी तो शब्द थोडा ताणून लिहिणारा आणि वाचणारा यांच्यातल्या संबंधालाही लावतो आहे, हे कबूल करतो.

आमच्या नमुन्याला ही चौकट लावा. अधिकारी कोण? कुणीही. विषय? ‘सर्वसमावेशक उपाय’, म्हणजे काहीच नाही. प्रयोजन? झाकलेलं. संबंध? नाही, पण आहे असं सोंग. चारांपैकी चारही नापास. आणि गंमत अशी, की जी पुस्तकं हे लिहायला शिकवतात त्यांतला चांगला सल्ला नीट पाहिला तर तो याच चारांकडे येतो. योग्य माणूस निवडा. एकाच गोष्टीबद्दल लिहा. त्यालाच का लिहिलं ते सांगा. त्याला काय मिळेल ते सांगा. सल्ला बरोबर आहे. बिघडतो तो अंमलात. का बिघडतो?

इथे प्लेटोकडे जावं लागतं. ‘गॉर्जियास’ या संवादात त्याचा सॉक्रेटिस वक्तृत्वावर तुटून पडतो. म्हणतो, ही कला नव्हे, खुशामत आहे. वैद्यकाच्या शेजारी पाककौशल्य असतं तशी. वैद्य तुमचं हित बघतो, आचारी जिभेला काय आवडेल ते बघतो. पण पुढे ‘फीड्रस’मध्ये तोच प्लेटो म्हणतो की खरं वक्तृत्व असू शकतं, मात्र त्यासाठी ऐकणाऱ्याचा आत्मा कसा आहे हे जाणावं लागतं. म्हणजे समोरच्याला जाणून बोलणं ही एक गोष्ट, आणि जाणल्याचा आव आणून त्याला गोंजारणं ही दुसरी. बाहेरून दोन्ही सारखी दिसतात. डेल कार्नेगीच्या १९३६ सालच्या प्रसिद्ध पुस्तकातही खरं कौतुक आणि खुशामत वेगळी आहेत असं बजावलेलं आहे. अनुयायांनी तंत्र घेतलं, बजावणं सोडून दिलं. आजच्या भाषेत याला ‘पर्सनलायझेशन’ म्हणतात. एकच शब्द, त्यात वैद्यही बसतो आणि आचारीही.

माझ्या त्या संपादिकाबाई कोण होत्या? त्या खोटं बोलल्या का? मी पुष्कळ विचार केला. खोटं बोलणाऱ्याला खरं काय ते ठाऊक असतं आणि तो ते लपवतो. त्यांना माझं पुस्तक चांगलं की वाईट याच्याशी कर्तव्यच नव्हतं. हॅरी फ्रँकफर्ट नावाच्या अमेरिकन तत्त्वज्ञाने १९८६ साली एक निबंध लिहिला, तो २००५ मध्ये छोटं पुस्तक म्हणून निघाला आणि खूप गाजला. त्याचं नाव मी सभेत मराठीत सांगत नाही. (हशा) त्याचा मुद्दा असा की खोटं बोलणाऱ्यापेक्षा हा प्रकार सत्याला जास्त घातक आहे, कारण लबाडाला निदान सत्याची दखल घ्यावी लागते; याला सत्य-असत्याची फिकीरच नसते. माझी चार पानं कुणी वाचली नव्हती. ती वाचायचीच नव्हती. मी उत्तर दिलं, एवढीच नोंद त्यांना हवी होती.

आता दुसरी बाजू. माझ्या एका जुन्या विद्यार्थिनीचा मुलगा बाणेरला एका सॉफ्टवेअर कंपनीत हेच काम करतो. दिवसभर अमेरिकेतल्या लोकांना पत्रं पाठवायची, महिन्याला इतक्या मीटिंगा ठरवायच्या, नाही ठरल्या तर साहेब विचारणार. त्याला मी माझी गोष्ट सांगितली. तो शांतपणे म्हणाला, "काका, तुमचं सगळं पटतं. पण घराचा हप्ता मी भरतो. आणि खुशामतीची ओळ घातली की उत्तरं जास्त येतात. मी काय करू?"

मंडळी, हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. ‘खोटं बोलू नये’ एवढं सांगून मला हात झटकता आले असते. पेन्शन घेणाऱ्याने हप्ता भरणाऱ्याला नीती शिकवणं सोपं असतं. म्हणून मी त्याला त्याच्याच धंद्याच्या अंगाने उत्तर द्यायचा प्रयत्न केला, आणि त्यासाठी कांटचा आधार घेतला. कांटने १७८५ साली एक उदाहरण दिलं आहे. पैसे परत करायचा विचार नसताना "परत करीन" असं वचन देऊन कर्ज घ्यावं का? तो म्हणतो, हाच नियम सगळ्यांनी पाळला असं धरून बघ. मग वचनावर कुणी विश्वासच ठेवणार नाही, आणि तुझं खोटं वचनही चालणार नाही. खोटं वचन खऱ्या वचनांच्या भांडवलावर जगतं.

कांटच्या हातात हा विचारांतला प्रयोग होता. ईमेलच्या बाबतीत तो प्रत्यक्षात घडला! "आपलं काम पाहून प्रभावित झालो" ही ओळ पहिल्याने लिहिली तेव्हा वाचणारा सुखावला. सगळ्यांनी लिहिल्यावर तीच ओळ धोक्याची घंटा झाली. मग म्हणाले, जरा बारीक तपशील घाला. त्याचं भाषण ऐकलं म्हणा, त्याचं गाव विचारा. त्याचं मोल कशात होतं? त्या तपशिलामागे कुणीतरी दहा मिनिटं खर्च केली, यात. आता कृत्रिम बुद्धिमत्तेची यंत्रं असे तपशील क्षणात हजारो पत्रांत घालतात. खर्च शून्य झाला, त्याबरोबर मोलही गेलं. मी त्या मुलाला म्हटलं, "बाळा, तू जी फांदी तोडतोयस तिच्यावरच तुझा हप्ता बसलाय."

याचे पडसाद तांत्रिक बाजूनेही उमटलेत. फेब्रुवारी २०२४ पासून गूगल आणि याहूने मोठ्या प्रमाणावर पत्रं पाठवणाऱ्यांवर अटी घातल्या. जीमेलच्या पत्त्यांवर दिवसाला पाच हजारांहून जास्त पत्रं पाठवणाऱ्याने आपली खरी ओळख तांत्रिक रीतीने पटवायची, प्रचाराच्या पत्रांत एका टिचकीत नाव कमी करायची सोय द्यायची, आणि स्पॅम म्हणून होणाऱ्या तक्रारी ०.३ टक्क्यांच्या खाली ठेवायच्या. म्हणजे हजारात तीन माणसं वैतागली की तुमचं दार बंद व्हायची वेळ आली. पत्र उघडलं की नाही हे कळावं म्हणून त्यात डोळ्यांना न दिसणारं ठिपक्याएवढं चित्र ठेवतात. पत्र उघडलं की ते चित्र मालकाला खबर देतं. पाहुण्याने खुर्चीखाली कान ठेवून जावं, तसा हा प्रकार. अ‍ॅपलने २०२१ मध्ये अशी चित्रं आपणच आधी उतरवून घ्यायची सोय आपल्या मेलमध्ये आणली, तेव्हापासून त्या खबरीही भरवशाच्या राहिल्या नाहीत.

तर मग चांगलं पत्र असतं का? असतं. एक सांगतो.

कोल्हापूरला शिरोलीच्या एमआयडीसीत माझ्या एका स्नेह्यांचा मशीन शॉप आहे. फाउंड्रीतून आलेल्या बिडाच्या कास्टिंगवर मशिनिंग करायचं, पंपाच्या बॉडी वगैरे. मंदीत काम कमी झालं तेव्हा परदेशी पंप-कंपन्यांना लिहायचं ठरलं. एका एजन्सीकडून इंग्रजी पत्र लिहून घेतलं. ‘जागतिक दर्जा’, ‘एकाच छताखाली’, ‘ग्राहक हाच देव’. मला वाचायला दिलं. मी विचारलं, "तुम्ही नक्की काय करता?" ते अर्धा तास बोलले. मी म्हटलं, "हेच लिहा की."

मग जे पत्र झालं त्याचा आशय असा. तुमच्या कॅटलॉगमधल्या अमुक मालिकेतल्या पंपाची बॉडी बिडाची, साधारण वीस किलोची दिसते. आम्ही तीन ते चाळीस किलोपर्यंतच्या अशा बॉडी मशिनिंग करतो. रोज किती होतात, बोअरची अचूकता किती मिळते, ते आकड्यांत. सोबत मोजमापाचा एक खरा रिपोर्ट. स्टेनलेस स्टीलचं काम आम्ही करत नाही. तुमचा पत्ता तुमच्याच वेबसाइटवरून घेतला. एखाद्या पार्टचं ड्रॉइंग पाठवलंत तर आठवड्यात भाव कळवू; गरज नसेल तर "नको" एवढं लिहा, पुन्हा त्रास देणार नाही. खाली स्वतःचं नाव, शेडचा पत्ता, फोन.

मोबाईलच्या एका पडद्यावर मावलं. आता अनुबंधचतुष्टय लावा. अधिकारी : बिडाचे पंप करणारा. विषय : एक पार्ट. प्रयोजन : भाव, आठवड्यात. संबंध : "तुमचा कॅटलॉग मी वाचला", आणि तो खरोखर वाचला होता. त्यासाठी चार रात्री बसले होते बिचारे.

त्यांना एका वाक्याची सर्वांत जास्त भीती वाटत होती. "स्टेनलेस करत नाही." म्हणाले, "सर, आपल्याच तोंडाने उणं कशाला सांगायचं?" मी म्हटलं, माझा सगळा प्रबंध या एका वाक्यात आहे. न्यायदर्शनात विश्वास ठेवण्याजोग्या माणसाला आप्त म्हणतात. आपण मराठीत आप्त म्हणजे नातेवाईक समजतो. पण वात्स्यायनाच्या भाष्यात आप्त तो, ज्याला वस्तूचं प्रत्यक्ष ज्ञान आहे आणि जशी पाहिली तशीच ती सांगायची ज्याची इच्छा आहे. आणि तो पुढे म्हणतो की हे लक्षण ऋषीला, आर्याला आणि म्लेंच्छालाही सारखंच लागू पडतं. केवढी मोठी गोष्ट आहे ही! आप्त व्हायला ओळख लागत नाही, कूळ लागत नाही. ओळख ना पाळख असलेला माणूससुद्धा आप्त होऊ शकतो. त्याने फक्त जे ठाऊक आहे ते, आहे तसं सांगायला हवं. ‘हे आम्ही करत नाही’ असं जो सांगतो, त्याचं ‘हे करतो’ खरं वाटतं. आणि असं वाक्य यंत्राला फुकटात लिहिता येत नाही, कारण त्याची किंमत लिहिणाऱ्याने मोजलेली असते. ते लिहून त्याने काही गिऱ्हाइकं सोडलेली असतात.

पुढे काय झालं? चमत्कार झाला नाही. बहुतेकांनी उत्तर दिलं नाही. काहींनी सभ्यपणे "नको" लिहिलं. एका अमेरिकन कंपनीने ड्रॉइंग पाठवलं, भाव मागितला, मग वर्षभर काही नाही, आणि नंतर एक छोटी ऑर्डर. शेड त्याने तरली असं मी म्हणणार नाही. पण ते गिऱ्हाईक अजून आहे.

आणि या गोष्टीत एक वळण आहे. यादीत जर्मन कंपन्याही होत्या. पाठवायच्या आधी कुणीतरी सावध केलं, म्हणून चौकशी केली. जर्मनीत अनुचित स्पर्धेविरुद्ध कायदा आहे, त्याच्या सातव्या कलमानुसार आधी स्पष्ट संमती घेतल्याशिवाय जाहिरातीची ईमेल पाठवता येत नाही. ती कंपनीला असली तरीसुद्धा. अमेरिकेचा २००३ चा कॅन-स्पॅम कायदा उलट आहे. तो म्हणतो, पाठवा, पण विषयाच्या ओळीत फसवू नका, आपला टपालाचा पत्ता द्या, आणि समोरचा नको म्हणाला की दहा कामकाजाच्या दिवसांत थांबा. माणसाबद्दलच्या दोन कल्पना आहेत या. एक म्हणते, दार वाजवा, हाकललं की जा. दुसरी म्हणते, बोलावल्याशिवाय दारच वाजवू नका. दोन्हींत तथ्य आहे. आमच्या स्नेह्यांनी काय केलं? जर्मन कंपन्यांना तोच मजकूर कागदावर छापून, सही करून टपालाने पाठवला. तिकिटाला पैसे पडले म्हणून यादी आपोआप लहान झाली, आणि यादी लहान झाली म्हणून निवड आणखी चांगली झाली. मला यात एक धडा दिसतो. ईमेल फुकट आहे हाच तिचा रोग आहे. प्रत्येक पत्राला आपल्या खिशातून तिकीट लावायचं आहे असं समजून लिहा, निम्मे दोष तिथेच जातील.

म्हणून माझ्या बाणेरच्या मित्राला मी जे सांगितलं ते थोडक्यात सांगतो. एक, ज्याला लिहितोस त्यालाच का, याचं उत्तर एका वाक्यात देता आलं नाही तर लिहू नकोस. दोन, तपासता येईल असं किमान एक विधान दे आणि आपण काय करत नाही तेही सांग. तीन, कौतुक खरंच वाटलं असेल तरच कर, नसेल तर सरळ कामाचं बोल. कामाचं बोलण्यात अपमान नाही. चार, मागणं लहान असू दे, आणि "नाही" म्हणायची वाट मोकळी ठेव. आठवण एकदा करावी. चार वेळा म्हणजे तगादा. आणि शेवटची कसोटी : हे पत्र कसं तयार केलं, यादी कुठून आणली, ओळी कुणी भरल्या, हे सगळं ज्याला लिहिलं त्याच्यासमोर बसून सांगता येईल का? लाज वाटणार नसेल तर पाठव.

तो म्हणाला, "उत्तरं कमी आली तर?" मी म्हटलं, पहिले काही महिने कमी येतीलही. तुझ्या साहेबाला मी समजावू शकत नाही. पण तुझ्या यादीतल्या दहा टक्के लोकांना तरी असं लिहून बघ, आणि उत्तरं मोजण्याऐवजी त्यातून किती व्यवहार टिकले ते मोज. त्याने सुरू केलंय. निकाल मला अजून ठाऊक नाही, म्हणून सांगत नाही.

जाता जाता एक सांगतो आणि थांबतो. त्या प्लॅटिनम प्रकरणानंतर मी अनोळखी नावाची पत्रं न उघडताच पुसायला लागलो होतो. एकदा काहीतरी शोधताना स्पॅमचा कप्पा उघडला. तिथे पंधरा दिवसांपूर्वीचं एक पत्र होतं. विषयाच्या जागी माझ्या पुस्तकाचं नाव! माझं बोट पुसायच्या खुणेवर गेलंच होतं. पत्र मराठवाड्यातल्या एका एम.ए.च्या विद्यार्थिनीचं होतं. तिने लिहिलेलं, सर, तुमच्या पुस्तकातलं दुसरं प्रकरण वाचलं, त्यातला अमुक युक्तिवाद मला चुकीचा वाटतो. माझं काही समजायचं राहिलं असेल तर सांगाल का? वेळ नसेल तर उत्तर नाही दिलंत तरी चालेल.

भारावून वगैरे काही नाही. तिने चूक काढली होती. तीच चूक, जी मी त्या बाईंना चार पानांत कबूल केली होती. त्या एका ओळीने मला कळलं की ही मुलगी खरोखर तिथपर्यंत वाचत गेली आहे.

खोट्या पत्राने माझे पैसे गेले नाहीत. मी पॅकेज घेतलं नाही. पण हे खरं पत्र जवळजवळ गेलंच होतं. खोटी पत्रं लिहिणारा फक्त आपल्या गिऱ्हाइकाला फसवत नाही. तो त्या मुलीची आणि माझी वाट अडवतो, शिरोलीतल्या शेडची आणि तिकडच्या कंपनीची वाट अडवतो. अनोळखी माणसांना एकमेकांपर्यंत पोचायचा रस्ता सगळ्यांचा आहे. तो खराब करायचा हक्क कुणाला नाही, हप्ता कितीही मोठा असो.

त्या मुलीला मी उत्तर लिहिलं. चार पानी. यावेळी सात मिनिटांत उत्तर आलं नाही. नऊ दिवसांनी आलं, आणि त्यात तिचा पुढचा आक्षेप होता.

लोभ असावा. प्रश्न असतील तर विचारा. आणि ज्यांना माझं म्हणणं पटलं नाही त्यांनी आधी विचारा.